जड सुई

माझ्या आईविषयी काही लिहावे असे मला कधी वाटले नव्हते. लिहिण्याला कारण झाला तो एक पुठ्ठ्याचा फलक. माझी नात ईरा हिच्या शाळेत विज्ञानातील स्त्रियांवर प्रदर्शन होते आणि त्यासाठी तिने आपल्या पणजीची निवड केली. सेंगकांगच्या आमच्या फ्लॅटमधल्या जेवणाच्या टेबलावर तो फलक तीन दिवस पसरलेला होता. आम्ही मांडीवर ताटे घेऊन जेवलो. त्यावर तिने लिहिले होते की पणजी ही सिंगापुरात रेडियम हाताळणारी पहिली भारतीय स्त्री. 'पहिली' हे तुला कोणी सांगितले, असे मी विचारले. ती इथल्या इंग्रजीत म्हणाली, "आबा, साउंड्स बेटर, ला." 'पहिली' हा शब्द मी खोडायला लावला. मग तिला सुईची हकीकत सांगितली आणि फलकावर तीही घाल म्हणालो. तिने सगळे नीट ऐकून घेतले. ऐकून म्हणाली, "दॅट पार्ट कॅनॉट, आबा. सगळे म्हणतील शी वॉज केअरलेस." आई निष्काळजी नव्हती. तिच्याइतकी काळजीने काम करणारी व्यक्ती माझ्या पाहण्यात नाही. म्हणूनच ती हकीकत कुठेतरी लिहिलेली असली पाहिजे.

तेव्हा आम्ही ईस्ट कोस्टला एका घराच्या वरच्या मजल्यावर राहत होतो. आज जिथे भराव घातलेल्या जमिनीवर कॉन्डो आहेत आणि रविवारी माणसे सायकली फिरवतात, तिथे समुद्र होता. भरतीला त्याचा आवाज घरात येई. अण्णा, म्हणजे माझे वडील, रॅफल्स प्लेसला एका जहाज कंपनीच्या एजंटाकडे नोकरीला होते. रविवारी ते किनाऱ्यावर गळ टाकून बसत. मिळालेला मासा खालच्या मलाय शेजाऱ्यांना देत, कारण आई तो घरात शिजवू देत नसे. शेजारी त्याबद्दल नारळ देत. त्यामुळे आमच्याकडे नारळाला तोटा नव्हता. कोकमाचा मात्र कायम दुष्काळ. आमटीत आई इथली आसम, म्हणजे चिंचेसारखी वाळवलेली आंबट फोड, घालत असे. अण्णा पहिला घास घेऊन दररोज म्हणत, "बरी आहे, पण आमटी नव्हे." संध्याकाळी रस्त्यावरून नूडल्सवाला बांबूच्या दोन पट्ट्या एकमेकींवर टक टक आपटत जाई. तो आवाज लांब गेला की घरात आईच्या सरावाची वेळ होई.

हा सराव कशाचा ते सांगितले पाहिजे. आई देशातून पदार्थविज्ञान शिकून आलेली. इथे एका इस्पितळात रेडियमच्या सुया तिच्या ताब्यात होत्या. बोटाच्या दोन पेरांएवढी लांब, उदबत्तीच्या काडीएवढी जाड, प्लॅटिनमची पोकळ सुई. आत कणभर रेडियम, एका टोकाला नेढे. जिभेच्या किंवा गालाच्या कर्करोगात शल्यवैद्य अशा आठ-दहा सुया रोग्याच्या मांसात ओळीने टोचून ठेवीत, नेढ्यातले रेशमी दोरे टाके घालून बाहेर बांधीत आणि गणिताने ठरलेले दिवस भरले की त्याच दोऱ्यांनी ओढून काढीत. काढलेल्या सुया उकळून शिशाच्या ठोकळ्यातल्या भोकांत परत जात. पुढच्या रोग्याआधी प्रत्येकीत नवा दोरा ओवावा लागे. ते काम आईचे. सुईला बोट लावायचे नाही. शिशाच्या भिंतीआड उभे राहायचे, दोन लांब चिमटे भिंतीवरून पलीकडे न्यायचे, आरशात पाहायचे आणि ओवायचे. उलट्या प्रतिमेत, हातभर अंतरावरून. जितका वेळ कमी लागेल तितके किरण कमी.

हे तिला शिकवले तिच्या कॉलेजातल्या बाईंनी. आई त्यांचे नाव घेत नसे. 'आमच्या बाई' म्हणे. त्या तरुणपणी युरोपात राहून किरणोत्सर्गावर काम करून आल्या होत्या. त्यांच्या उजव्या हाताच्या बोटांची टोके तासल्यासारखी कडक झालेली होती, आणि त्या खडू टोकांत न धरता मधल्या पेरांत धरीत. वर्गात त्या आपला हात मुलींपुढे फिरवीत. दाखवण्यासारखे दुसरे उपकरण आपल्या कॉलेजात नाही, असे म्हणत. त्यांच्याही आधीच्या बायका, या शास्त्राला ज्यांच्यापासून सुरुवात झाली त्या, रेडियमच्या नळ्या झग्याच्या खिशात घालून वावरत आणि काळोखात त्यांचा निळसर उजेड कौतुकाने पाहत, असे आई सांगे. मी हसलो तर तिला राग येई. "त्यांना माहीत नव्हतं," ती म्हणे. "त्यांची बोटं गेली म्हणून आपल्याला माहीत झालं. हसण्यासारखं त्यात काय आहे?"

इस्पितळात सरावासाठी खोट्या सुया होत्या. आकार तोच, चकाकी तीच, नेढे तेच; फक्त आत काही नाही आणि धातू साधा. अशा सहा सुया आईने पेपरमिंटच्या चपट्या डबीत घालून घरी आणून ठेवल्या होत्या. शिशाच्या भिंतीच्या जागी ती टेबलावर इस्त्री उभी करी, मागे दाढीचा आरसा लावी आणि चिमट्यांनी ओवत बसे. मी घड्याळ लावत असे.

"अकरा," मी म्हणे.

"जास्त आहेत. पुन्हा."

अण्णा वर्तमानपत्राआडून म्हणत, "लोकांच्या बायका संध्याकाळी स्वेटर विणतात."

"या हवेत?" आई चिमट्यावरची नजर न काढता म्हणे. "तुम्ही घालणार असाल तर विणते."

सहा सुया, सहा वेळा, दररोज. सराव जितका जास्त तितकी चूक कमी, हे तिचे तत्त्व होते. ही चूक त्या तत्त्वातूनच झाली. एका मंगळवारी इस्पितळात नवे चिमटे यायचे होते, म्हणून ती डबी बरोबर घेऊन गेली. खऱ्या सुयांना लावण्याआधी त्यांची पकड पाहावी म्हणून तिने एक खोटी सुई रेडियमच्या खोलीत नेली. तसे करू नये असा नियम होता, आणि तो नियम तिनेच लिहून भिंतीला लावलेला होता. आधी ती, मग एक खरी ओवून झाल्यावर एक सुई ठोकळ्यात गेली आणि एक डबीत. ठोकळ्यातली सगळी भोके भरलेली होती. मोजणी बरोबर आली. तिने सही केली, डबी पर्समध्ये टाकली आणि ती बसने घरी आली.

माझे वय तेव्हा तेरा. माझी शाळा दुपारी सुटे, आई पाचला येई. मधल्या वेळात मी डबी उघडून तिच्यासारखे ओवून पाहत असे. चिमट्याने मला कधी जमले नाही, म्हणून मी बोटांनी ओवत असे. बोटांनी धरायचे नाही, खोट्या सुईलाही नाही, हाताला ती खोड लागता कामा नये, असे आईने बजावले होते. त्या मंगळवारी संध्याकाळी, आई स्वयंपाकघरात असताना, मी डबी उघडली तेव्हा एक सुई इतरांपेक्षा जड लागली. चांगलीच जड. चिमट्याच्या टोकाला वजन कळत नाही, बोटांना कळते. मला ती आवडली. जड सुई हातात डुलत नाही, दोरा पटकन जातो. बुधवारी दुपारी मी तीच घेऊन बसलो. गुरुवारी आणि शुक्रवारीही. सांगावेसे एकदा वाटले होते. सांगितले असते तर बोट लावल्याचे उघडे पडले असते. सांगितले नाही.

त्याच टेबलावर मी शाळेसाठी विद्युतदर्शक बांधत होतो. जॅमची बरणी, झाकणातून आत उतरलेली तार आणि तारेच्या टोकाला मिठाईवरच्या चांदीच्या वर्खाची पट्टी. केसांवर घासलेला कंगवा तारेला लावला की वर्ख तारेपासून फाकून उभा राहतो आणि विद्युतभार असेपर्यंत तसाच राहतो. माझा वर्ख राहत नव्हता. फाके आणि डोळ्यांदेखत खाली येई. तीन संध्याकाळी मी झाकणाला मेण लावले, बरणी उन्हात वाळवली, आत भाजलेले तांदूळ ठेवले. आई जाता-येता पाहत होती. "सिंगापूरची हवा," ती म्हणाली. "दमट हवेत भार टिकत नाही. तुझी चूक नाही." रेडियम जवळ असले तरी भार असाच गळतो, हे तिच्याइतके कोणाला ठाऊक होते? पण जिथे रेडियम असणे शक्यच नाही तिथे ते आहे, असे ज्याला रेडियम ठाऊक आहे तो सर्वांत शेवटी मानतो.

शनिवारी आईची अर्धी सुट्टी असे. दुपारी टेबलावर पाने मांडायची म्हणून मी बरणी उचलून स्वयंपाकघरात ओट्यावर ठेवली आणि सवयीने कंगवा लावला. वर्ख फाकला आणि तसाच उभा राहिला. मी ओरडलो, "आई, इथे पडत नाही!"

"शेगडीजवळ हवा कोरडी असेल," ती भात वाढता वाढता म्हणाली. मग तिचा हात थांबला. ओट्यावर त्याच वेळी कुकरची वाफ धरली होती. ती आत आली, बरणीकडे बघत उभी राहिली. मिनिटभर तरी असेल. मग बरणी स्वतः उचलून तिने टेबलावर नेली, पेपरमिंटच्या डबीशेजारी ठेवली आणि कंगवा लावला. वर्ख खाली आला.

"मागे हो," ती म्हणाली. "भिंतीपर्यंत."

मी भिंतीला टेकलो. अण्णा हात धुऊन येत होते, त्यांनाही तिने दारातच थांबवले.

"श्री, या डबीला कोणी हात लावला?"

"त्यातली एक जड आहे," मी म्हणालो.

तिने मान वळवली नाही. ती डबीकडेच पाहत होती. "कधीपासून?"

"काल कळलं."

हे खोटे होते. का बोललो ते सांगायला नको. तेरा वर्षांचे पोर त्या क्षणी जे बोलेल ते बोललो. तिने लांबचा चिमटा घेतला, डबी बाल्कनीच्या टोकाला नेऊन ठेवली आणि परत येऊन माझा हात धरला. कुठली बोटे, किती वेळ, विचारले. थोडा वेळ, असे मी म्हणताच म्हणाली, "मिनिटांत सांग." मी एका दिवसाचे सांगितले. ते तिने वर्तमानपत्राच्या कडेला लिहून घेतले. मग माझा अंगठा आणि तर्जनी तिने खिडकीच्या उजेडात धरली. टोके किंचित लाल होती. पुढे काही दिवस ती सोलली आणि भरून आली. आज चांगी विमानतळावर यंत्राला माझा अंगठा वाचता येत नाही, मला दर वेळी बाजूच्या रांगेत पाठवतात. त्याचा संबंध मी त्या सुईशी जोडत नाही. माझ्या वयाच्या पुष्कळांचे ठसे पुसट होतात.

अण्णा शहाणे गृहस्थ होते. त्यांनी सगळे ऐकले आणि म्हणाले, "सुमन, सोमवारी लवकर जा. खोटी काढ, खरी ठेव. मोजणी आधीही बरोबर होती, नंतरही बरोबर राहील. कोणाला कळतंय?"

"खोटी ठोकळ्यात नाहीये," आई म्हणाली.

"मग?"

"त्या मापाच्या होत्या तेवढ्या सगळ्या गुरुवारी एकाच बाईला लागल्या. ती खोटी सुई त्या बाईच्या जिभेत आहे." तिने पदराने तोंड पुसले. "एका रेषेत किरण पोचत नाहीयेत तिला. तेवढाच रोग उरला तर पुन्हा वाढायला तेवढाच पुरेल."

अण्णा म्हणाले, "नोकरी जाईल."

"जाऊ दे."

"तुला ही जागा द्यायला लोक तयार नव्हते. बाई आहे, बाहेरची आहे. पुढच्या एखादीला हेच ऐकवतील."

ती खुर्चीत बसली. मी तिला रडताना तेव्हाही पाहिले नाही. "त्या पहिल्या बायकांना माहीत नव्हतं," ती म्हणाली. "मला माहीत होतं, अहो. सगळं माहीत होतं."

अण्णा उठून आत गेले. त्यांच्या गळाचे सामान पत्र्याच्या डब्यात असे. तो डबा त्यांनी जमिनीवर ओतला, गळ आणि दोऱ्या बाजूला केल्या आणि गळाला बांधायची शिशाची वजने डब्याच्या तळाला आणि कडांना रचली. मधे डबीपुरती जागा ठेवली. "एवढं शिसं पुरेल का?" त्यांनी विचारले. "नाही," आई म्हणाली, "पण असू दे." डबा टॅक्सीच्या डिकीत, आम्ही तिघे पुढे सरकून बसलेलो, ताटे तशीच टेबलावर.

शल्यवैद्य चिनी होते, उंच आणि कमी बोलणारे. आईने उभ्यानेच इंग्रजीत सांगितले. क्रमाने, एकही विशेषण न वापरता. त्यांनी माझी बोटे पाहिली. मग विचारले, आणखी कोणाला माहीत आहे? आई म्हणाली, आता तुम्हाला. ते म्हणाले की खोटी सुई आजच बदलू. खरी सुई बाकीच्यांच्या नंतर आणखी काही दिवस ठेवावी लागेल. अहवाल लिहून द्या. आणि खोलीची किल्ली... आईने ती आधीच टेबलावर ठेवली होती.

"रोगी बाईंना कारण सांगायला हवं," आई म्हणाली.

"त्याची आवश्यकता नाही," ते म्हणाले. "सुई जास्त दिवस ठेवतोय, एवढं सिस्टर सांगेल."

"सिस्टर सांगेल त्यात माझी चूक नसेल."

त्यांनी तिच्याकडे पाहिले आणि खांदे उडवले. रविवारी सकाळी आई मला घेऊन गेली, कारण तिला मलाय येत नव्हते आणि मला शाळेमुळे आणि शेजाऱ्यांमुळे येत होते. रोगी आमच्या घराजवळच्या काटोंगची एक पेरानाकन, म्हणजे मलाय बोलणाऱ्या इथल्या जुन्या चिनी घराण्यातली, म्हातारी होती. आयुष्यभर पान खाल्लेली, काळे पडलेले दात, केसांचा घट्ट अंबाडा. तिला शेवटच्या खोलीत एकटीला ठेवले होते. दाराशी जमिनीवर खडूची रेघ होती. त्या रेघेपलीकडे कोणी जास्त वेळ थांबायचे नाही. तिची नातवंडे गुरुवारपासून रेघेच्या अलीकडूनच हात हलवून जात होती, असे सिस्टरने सांगितले. तोंडाच्या कोपऱ्यातून रेशमी दोरे बाहेर येऊन गालावर चिकटपट्टीने बसवलेले होते. तिला बोलता येत नव्हते.

मला आईने रेघेच्या अलीकडे उभे केले. स्वतः आत जाऊन पलंगाच्या पायथ्याशी उभी राहिली आणि मराठीत एकेक वाक्य सांगू लागली.

"सांग, तुमच्या सुयांपैकी एक निकामी होती."

मी सांगितले. तिला मी नेनेक म्हणालो. आजीला इथे तसे म्हणतात.

"सांग, ती मी चुकून ठेवली. माझी चूक. डॉक्टरांची नव्हे."

मी म्हणालो की सुई चुकून आली. आईला भाषा येत नव्हती, पण वाक्य आखूड झाले हे कळले. "मी काय म्हटलं ते सांग." मग मी म्हणालो की ही माझी आई, आणि चूक हिची आहे. म्हातारीने डोळे आईकडे वळवले आणि तिथेच ठेवले.

"सांग, म्हणून आणखी तीन-चार दिवस हे सोसावं लागेल. त्याबद्दल मी क्षमा मागते."

ते सांगितले. आई थांबली, तिचे संपले होते. मी थांबलो नाही. मी म्हणालो, नेनेक, ती सुई आमच्या घरी होती. ती जड आहे हे मला मंगळवारी कळले. तुम्हाला सुया गुरुवारी लावल्या. मी आईला सांगितले नाही.

म्हातारी माझ्याकडे बघत राहिली. मग तिने चादरीतून हात काढला आणि तळवा माझ्याकडे करून जोरजोरात हलवला. जा, जा. मला वाटले ती रागावली, आणि रागावणे योग्यच होते. पण ती माझ्या पायांकडे बोट दाखवत होती. बोलताना मी रेघ ओलांडून आत आलो होतो. मी मागे झालो. तिने आणखी हात हलवला. मी दाराबाहेर जाईपर्यंत हलवत राहिली. मग हात खाली घेतला आणि डोळे मिटले.

बसमध्ये आईने विचारले, "शेवटी तू काय बोललास? माझं तर संपलं होतं."

"मलायमध्ये लांबवून सांगावं लागतं," मी म्हणालो.

तिने मान हलवली आणि खिडकीबाहेर पाहत राहिली. म्हातारी बरी होऊन घरी गेली. पुढे कित्येक वर्षे ती बाजारात दिसे. आईला रेडियमच्या खोलीत पुन्हा घेतले नाही. वर्षभर तिने क्ष-किरण विभागात पाकिटांवर नावे लिहिली, नंतर एका मुलींच्या शाळेत पदार्थविज्ञान शिकवले, आणि तिथे ती दर वर्षी पहिल्या तासाला मुलींना ही हकीकत सांगत असे; स्वतःचे नाव घेऊन, काही न गाळता. तिला माहीत होते तेवढी.

तिच्या अहवालाची कार्बन प्रत माझ्याजवळ आहे. अडीच पाने, स्वच्छ टंकलेखन, खाडाखोड नाही. दुसऱ्या पानावर वाक्य आहे की सुईच्या वजनातला फरक माझ्या मुलाच्या लक्षात प्रथम शुक्रवारी आला. त्या अहवालातले तेवढे एक विधान चूक आहे. तिथे मंगळवार हवा.